क्रुसाजवळची सदाफुली

लूव्हेन, बेल्जियम
2 नोव्हेंबर

प्रिय पप्पा,

सप्रेम नमस्कार.

आज मृतांचा स्मरणदिन. तुम्ही सगळे संध्याकाळी दफनभूमीत जाऊन आला असाल. आजीआजोबांच्या कबरीवर दरवर्षी मेणबत्त्या लावतोच, पण बाबूच्या चिमीच्या कबरीवर यंदा पहिल्यांदा. सकाळपासून तेच डोळ्यांसमोर आहे.

इथे आठवडाभर दुकानांबाहेर शेवंतीच्या कुंड्या मांडून ठेवल्या आहेत. पहिल्या वर्षी मला माहीत नव्हतं, मी घरमालकीणबाईंना शेवंती नेऊन दिली आणि त्यांचा चेहराच उतरला. इथे शेवंती कबरीवरच वाहतात. काल मी एक पिवळी कुंडी घेतली आणि कुष्ठरोग्यांमध्ये राहिलेल्या फादर डेमियनच्या कबरीपाशी नेऊन ठेवली. चिमीसाठी दुसरी जागा इथे मला सुचली नाही.

तुमचा निरोप पोचून तीन आठवडे झाले. तुम्ही लिहिलंत की बाबू रविवारच्या मिस्सेला येत नाही, वहिनीला चर्चच्या दारापर्यंत सोडतो आणि बाहेर पायरीवर बसून राहतो, लोक विचारतात, आणि मी भौतिकशास्त्रात काम करते तर मी त्याला समजावावं. सोबत तो मेसेजही पाठवलात, ‘महास्फोटाचा शोध एका कॅथलिक धर्मगुरूने लावला, विज्ञानाने देव सिद्ध केला’ असा. तो मी बाबूला पाठवला नाही. पाठवणारही नाही. का, ते सांगायला हे पत्र.

मेसेजमधला धर्मगुरू खरा आहे, आणि तो इथलाच. जॉर्ज लमेत्र. मी रोज ज्या विद्यापीठात जाते तिथेच ते 1925 पासून जवळजवळ चाळीस वर्षं शिकवत होते. पहिल्या महायुद्धात ते तोफखान्यात लढले, मग गणित आणि भौतिकशास्त्र शिकले आणि 1923 मध्ये त्यांना गुरुदीक्षा मिळाली. विश्व पसरत चाललं आहे हे त्यांनी 1927 मध्ये आइन्स्टाइनच्याच समीकरणांतून दाखवलं. आइन्स्टाइन त्यांना म्हणाले, गणित बरोबर आहे, पण भौतिकशास्त्र अगदी भयंकर! 1931 मध्ये लमेत्र आणखी एक पाऊल मागे गेले. विश्व पसरत असेल तर पूर्वी ते एकवटलेलं असणार, सगळ्याची सुरुवात जणू एका अणूतून झाली असणार, असं त्यांनी ‘नेचर’ या विज्ञान नियतकालिकात मांडलं. महास्फोट म्हणतात तो हाच विचार. त्या लेखाच्या हस्तलिखितात शेवटी एक परिच्छेद होता. देव मुळातच गुप्त आहे, आणि आजचं भौतिकशास्त्रही निर्मितीवर एक पडदा टाकतं, हे पाहून श्रद्धावंताला आनंदच वाटेल, अशा अर्थाचा. छापायला देण्याआधी त्यांनी तो स्वतःच्या हाताने खोडला.

पप्पा, त्या खोडलेल्या ओळींचा मी किती विचार केला आहे! त्यांचा विश्वास कमी नव्हता, ते मरेपर्यंत धर्मगुरू राहिले. पण वैज्ञानिक लेखात देवाला साक्षीदार म्हणून उभं करणं त्यांना पटलं नाही. आणि लिहिलं होतं तेसुद्धा काय, तर देव दिसत नाही, हेच.

पुढची गोष्ट तुमच्यासाठी जास्त महत्त्वाची. 22 नोव्हेंबर 1951 रोजी पोप बारावे पायस यांनी रोममध्ये शास्त्रज्ञांपुढे भाषण केलं. ‘प्रकाश होवो’ या पहिल्या शब्दाची साक्ष आजचं विज्ञान देत आहे, असा त्याचा रोख होता. तुमच्या मेसेजमध्ये आहे तेच, फक्त फार सुंदर भाषेत. लमेत्रांना खरं तर आनंद व्हायला हवा होता, सिद्धांत त्यांचाच होता. ते अस्वस्थ झाले. आधीच काही शास्त्रज्ञांना संशय होता की हा पाद्री बायबलमधलं उत्पत्तीचं पुस्तक गणितात घुसवतो आहे. शिवाय सिद्धांत तो सिद्धांत, उद्या नवं निरीक्षण आलं की बदलू शकतो. त्यावर श्रद्धा टेकवली तर तो ढळल्यावर श्रद्धेचं काय करायचं? व्हॅटिकन वेधशाळेचे प्रमुख फादर ओकॉनेल यांच्यासह त्यांनी ही काळजी वरपर्यंत पोचवली. 1952 च्या सप्टेंबरमध्ये पोप महोदय खगोलशास्त्रज्ञांच्या परिषदेपुढे पुन्हा बोलले, तेव्हा तो दावा त्यांनी केला नाही. पोपच्या आज्ञेत राहणाऱ्या एका धर्मगुरूने पोपना सांगितलं की माझ्या शोधाने देव सिद्ध करू नका. तीस वर्षं धर्मशिक्षणाचे वर्ग घेतलेल्या तुमच्यासारख्या माणसाला यातलं धैर्य माझ्यापेक्षा जास्त कळेल.

आणि आमच्या शास्त्राची बाजूही सांगते. महास्फोटाचा सिद्धांत विश्वाच्या पहिल्या क्षणाचं वर्णन करतच नाही. मागे मागे जाताना एका जागी समीकरणं मोडतात, आणि तिथून पुढे काही बोलण्याचा अधिकार मला उरत नाही. काहीच नसण्याऐवजी काहीतरी का आहे, हा प्रश्न माझ्या यंत्रांना विचारता येत नाही. संत थॉमस अक्विनस तर साडेसातशे वर्षांपूर्वीच म्हणून गेले की जगाला काळात आरंभ होता हे बुद्धीने सिद्ध होत नाही, ते विश्वासाने धरायचं असतं.

पण समजा, सिद्ध झालं असतं. मी बाबूला पुरावा लिहून पाठवला असता, त्याने वाचला असता आणि म्हटलं असतं, बरं, देव आहे. मग माझी चिमी? त्याचा प्रश्न देव आहे की नाही हा नाहीच, पप्पा. तो जीवशास्त्र शिकवतो. पेशी विभागताना जनुकांत चुका होतात, त्या चुकांमधूनच करोडो वर्षांत मासे झाले, पाखरं झाली, आपण झालो. आणि तशाच चुकांमधून सहा वर्षांच्या पोरीच्या रक्तात कर्करोग होतो. हे तो मुलांना फळ्यावर शिकवत होता आणि संध्याकाळी मुंबईच्या वॉर्डात तेच बघत होता. मला तो फोनवर म्हणाला, ‘ताई, हीच जर देवाची पद्धत असेल तर मला त्याच्याशी बोलायचं नाही.’ मला उत्तर आलं नाही. आजही येत नाही.

हे तुम्हाला कधी सांगितलं नाही, आता सांगते. चिमी गेली त्या रात्रीपासून पुढचे चार महिने मला प्रार्थना करता आली नाही. रोझरी हातात घ्यायची आणि मणी नुसते बोटांतून सरकायचे. मिस्सेला जायचे, पण ख्रिस्तशरीर घ्यायला उठायचे नाही. त्या रात्री इथली माझी सहकारी माझ्यासोबत होती. तिने विमानाचं तिकीट काढलं, माझी बॅग भरली, पहाटे तीन वाजता मला गाडीने ब्रुसेल्सच्या विमानतळावर सोडलं आणि दोन आठवडे माझं काम स्वतःवर घेतलं. तिचा देवावर विश्वास नाही. देव नसेल तर माणूस चांगला का वागेल, असं तुम्ही बाबूला विचारलंत ना? पप्पा, तो प्रश्न त्याला परत विचारू नका. चांगुलपणा येतो कुठून, हा खरा प्रश्न आहे आणि मी तो देवापाशीच नेते. पण समोरच्या माणसाच्या तोंडावर तो फेकला की त्याला एवढंच ऐकू येतं, की तू आता चांगला राहिला नाहीस.

फादर डेमियनकडे मी का जाते, तेही सांगते. ते मे 1873 मध्ये हवाईतल्या मोलोकाई बेटावर कुष्ठरोग्यांच्या वसाहतीत गेले. त्याच वर्षी नॉर्वेत डॉक्टर हॅन्सन यांनी कुष्ठरोगाचा जंतू सूक्ष्मदर्शकाखाली पाहिला. एकाने रोगाचं कारण शोधलं, एकाने रोग्यांची घरं बांधली, जखमा धुतल्या, शवपेट्या केल्या. औषध दोघांकडेही नव्हतं, ते यायला 1940 चं दशक उजाडावं लागलं. डेमियन प्रवचनात ‘आम्ही कुष्ठरोगी’ म्हणायचे, आणि पुढे तो रोग त्यांना खरंच झाला, 1889 मध्ये ते त्यातच गेले. हॅन्सन नसते तर हा रोग आज बरा झाला नसता, हे मी जाणते. पण औषध येईपर्यंतच्या सत्तर वर्षांत जे मेले त्यांच्याजवळ कोण बसलं होतं, हेही मला विसरता येत नाही.

म्हणून तुमच्याकडे एकच मागणं आहे. बायबलमधल्या, सगळं गमावलेल्या ईयोबाची गोष्ट तुम्हीच आम्हाला ओसरीवर सांगितली होती. त्याचे तीन मित्र आले, सात दिवस आणि सात रात्री त्याच्यासोबत जमिनीवर बसले आणि एक शब्द बोलले नाहीत. तेवढं त्यांनी बरोबर केलं. मग त्यांनी तोंड उघडलं, देवाची बाजू मांडली, आणि शेवटी देव त्यांच्यावरच रागावला. ज्याने देवाला जाब विचारला त्या ईयोबाविषयी मात्र देव म्हणाला, हा माझ्याविषयी योग्य बोलला.

पुढच्या रविवारी पहिल्या मिस्सेला तुम्ही जाऊन या, आणि दुसऱ्या मिस्सेला बाबूसोबत बाहेर पायरीवर बसा. आत चला म्हणू नका. लोक बघतील. तुमचं नाव आहे, तुम्हाला ते जड जाईल, मला कळतं. पण तो घरी न थांबता दर रविवारी त्या पायरीपर्यंत येतो, याचा विचार करा.

मी आता पुन्हा प्रार्थना करते. एकच ओळ, मार्कच्या शुभवर्तमानातल्या त्या बापाची, ज्याचं लेकरू आजारी होतं: ‘माझा विश्वास आहे, माझा अविश्वास घालवून टाका.’ याहून जास्त अजून येत नाही.

मम्मीला सांगा, तिने पाठवलेला मसाला जपून वापरते आहे. थंडी वाढली आहे, पण खोली गरम असते, काळजी नको. नाताळला सुटी मिळाली नाही, ईस्टरला नक्की येईन.

आणि एक. चिमीला दिलेल्या औषधांपैकी एक, व्हिंक्रिस्टीन, सदाफुलीपासून करतात. कॅनडातले संशोधक त्या पानांत मधुमेहावरचं औषध शोधत होते, साखर काही उतरली नाही, पण प्रयोगातल्या प्राण्यांच्या पांढऱ्या पेशी उतरल्या, आणि त्यातून पुढे कर्करोगावरची औषधं निघाली. त्यांनी चिमीला दीड वर्ष दिलं. बाबूने ती गोष्ट चिमीला सांगितली होती, आणि तिने हट्टाने आपल्या अंगणातल्या क्रुसाजवळ सदाफुलीचं रोप लावलं होतं. परवा तो म्हणाला, तिथे आता चार-पाच रोपं उगवली आहेत. नाताळच्या आधी तुम्ही क्रुसाला चुना लावता आणि भोवतालचं गवत काढता. यंदा ते काम बाबूला सोबत घेऊन करा, आणि ती रोपं काढू नका.

तुमची,
मोठी