ट्रॅक्टर सुटला काका, मनापासून आभार

काका नमस्कार,

नाव टाकू नको म्हणालात म्हणून टाकत नाही, पण आभार मात्र चारचौघातच मानणार, गोदाकाठच्या दुसऱ्या एखाद्या ट्रॅक्टरवाल्याच्या कामाला आलं तर तेवढंच.

घरकुलाची वाळू होती, वाहतुकीचा पास होता, रस्त्यात ट्रॉलीचा टायर बसला आणि पासवरची वेळ टळून गेली एवढंच झालं. पंचनामा झाला, ट्रॅक्टर तहसीलच्या आवारात. तिथं गेटवर एक जण भेटलाच, म्हणे साहेबांशी बोलून मिटवून टाकू, पावतीचं काय करता. तसले लोक बरोबर हेरतात कोण घाबरलंय ते. पैशाची जुळवाजुळव पण सुरू केली होती आम्ही, तेवढ्यात तुमच्या ओट्यावर येऊन बसलो.

तुम्ही वाळू कुठली, किती, काहीच विचारलं नाही. पहिला प्रश्न, "गाडी धरली कुणी, पोलिसांनी का महसूलनं?" मला वाटलं काय फरक पडतो, पण सगळं तिथंच होतं. पोलिसांनी गुन्हा नोंदवला असता तर चोरीचं कलम, म्हणजे आधीचं दंड संहितेतलं ३७९ आणि आता भारतीय न्याय संहितेतलं ३०३(२), आणि गाडी कोर्टाचा मुद्देमाल. मग मॅजिस्ट्रेटकडं सुपूर्तनाम्याचा, म्हणजे गाडी ताब्यात मागायचा अर्ज, आधी फौजदारी प्रक्रिया संहितेच्या ४५१ नि ४५७ खाली व्हायचा तो आता नागरिक सुरक्षा संहितेच्या ४९७ नि ५०३ खाली. त्यात सुंदरभाई देसाईंच्या केसचा निकाल जोडायचा, सुप्रीम कोर्टानं म्हटलंय की जप्त गाड्या पोलीस ठाण्यात वर्षानुवर्षं सडवत ठेवू नका. आमचं तसं नव्हतं, नुसता महसूलचा कागद होता, म्हणून कोर्टाकडं पळायचं कामच नव्हतं. कधी कधी पोलीस आणि महसूल दोन्ही कारवाया लागतात आणि मग दोन्हीकडं जावं लागतं हेही तुम्हीच सांगितलंत.

मग चष्मा कपाळावर सरकवून दंडाचा आदेश डोळ्याजवळ धरलात, वरचा मजकूर सोडून आधी खालची तहसीलदारांची सही पाहिली आणि तिच्यावर बोट ठेवून म्हणालात, "वाळूचा दंड ठीक आहे, पण गाडीचा दंड ह्यांनी कसा लावला?" जमीन महसूल अधिनियम १९६६, कलम ४८ चं पोटकलम ८. तहसीलदार गाडी जप्त करू शकतात, पण ४८ तासांच्या आत ती कलेक्टर किंवा त्यांनी नेमलेल्या डेप्युटी कलेक्टर दर्जाच्या अधिकाऱ्यापुढं न्यायची असते, आणि दंड भरून घेऊन जातमुचलक्यावर गाडी सोडायचा अधिकार त्यांना. वाळूच्या बाजारभावाच्या पाचपटीपर्यंतचा दंड तो पोटकलम ७ चा, तो वेगळा. आमच्या आदेशात दोन्ही एकत्र कालवून टाकले होते, ट्रॅक्टरचे एक लाख आणि वर वाळूचे. आणि पंचनाम्यात पासचा साधा उल्लेख नाही!

कलम २४७ खाली प्रांतांकडं अपील, सोबत २५६ खाली स्थगितीचा अर्ज, हे दोन्ही तुम्हीच हातानं लिहून दिलंत. ६० दिवसांची मुदत आहे, आदेश मिळाल्याची तारीख पाकिटावर लिहून ठेव म्हणालात, ते पाकीट पुढं खरंच दाखवावं लागलं. आरसी, इन्शुरन्स, पासची प्रत, पंक्चरवाल्याचा जबाब, सगळं लावलं. आवारात उभ्या ट्रॅक्टरचे टायर नि बॅटरीसकट फोटो काढून ठेवायला लावलेत ते तर कुणा वकिलालाही सुचलं नसतं, कारण तिथून बॅटऱ्या कशा गायब होतात ते सगळ्या तालुक्याला माहितीय.

प्रांतांनी गाडीच्या दंडापुरता आदेश रद्द केला आणि परत असं वापरणार नाही असा मुचलका घेऊन ट्रॅक्टर सोडला. इथं जमलं नसतं तर घटनेच्या कलम २२६ खाली हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठात रिट हा रस्ता तुम्ही आधीच सांगून ठेवला होता, तिथवर जावं लागलं नाही. हप्ते चालूच होते हो काका, आणि पेरणी तोंडावर. घरच्यांना झोप नव्हती.

सगळी नोकरी महसूलमध्ये घालवून रिटायर झाल्यावर त्याच खात्याचा कागद माझ्यासारख्याला फुकट उलगडून सांगणं सोपं नाही, कुणी ना कुणी नाराज झालं असणार तुमच्यावर. चहाशिवाय काही घेतलं नाहीत.

वाळूच्या दंडाचं अजून चालूय. तारीख लागली की फोन करतो, त्या दिवशी गाडीभाडं मात्र मी देणार, एसटीनं येतो म्हणायचं नाही.

तुमचा,
ट्रॅक्टरवाला पुतण्या