औंधचे अप्पासाहेब

सातारा, रविवार

प्रिय वसंता,

सप्रेम नमस्कार.

परवा फोनवर केवढा तावातावाने बोलत होतास! सईला म्हणे परराष्ट्र सेवेत जायचंय आणि तुझ्या मते ती नोकरी म्हणजे जन्मभर पार्ट्यांना जाऊन गोडगोड बोलायचं. तुझ्याशी फोनवर वाद घालण्यात अर्थ नसतो, अडचणीत आलास की फोन वहिनींच्या हातात देतोस. म्हणून लिहायला बसलो. कागदावर तरी मला मध्येच तोडता येणार नाही.

अप्पासाहेब पंत हे नाव तू ऐकलं असशीलच, आपले जुने राजदूत. औंध संस्थानचे राजे भवानराव पंतप्रतिनिधी यांचे चिरंजीव, जन्म १९१२ चा. आपली शाळेची सहल औंधला गेली होती तेव्हा यमाईचा डोंगर चढून संग्रहालय बघितलं, राजाची चित्रं बघितली, सूर्यनमस्कारांचं कौतुक ऐकलं. या माणसाबद्दल मात्र मास्तरांनी चकार शब्द काढला नाही.

औंध म्हणजे उणीपुरी ७२ गावं, तीही साताऱ्यापासून विजापूरकडे तुकड्यातुकड्यांत विखुरलेली. अप्पासाहेब ऑक्सफर्डला शिकून, बॅरिस्टर होऊन परतले. मॉरिस फ्रीडमन नावाचा एक पोलिश ज्यू इंजिनिअर त्यांना बंगळूरला भेटला, त्याला ते औंधला घेऊन आले. (हाच फ्रीडमन पुढे मुंबईत निसर्गदत्त महाराजांच्या पायाशी बसला आणि त्यांची मराठी निरूपणं त्याने इंग्रजीत नेली. या गृहस्थावर खरं तर वेगळं पत्र लिहायला हवं.) बापलेक, फ्रीडमन आणि सल्ल्याला गांधीजी, अशा चौघांच्या विचाराने जानेवारी १९३९ मध्ये औंधच्या राजाने कारभार प्रजेच्या हवाली केला. खाली ग्रामपंचायती आणि त्यांच्यातून वर गेलेले प्रतिनिधी. शेजारचे संस्थानिक तेव्हा तोफांच्या सलाम्या मोजत बसले होते.

मार्च १९४८ मध्ये औंध विलीन झालं आणि त्याच वर्षी नेहरूंनी अप्पासाहेबांना नैरोबीला भारताचे कमिशनर म्हणून धाडलं. माझ्या मते त्यांची खरी कारकीर्द ही इथली. केनिया, युगांडा, टांगानिका (आताच्या टांझानियाचा मोठा भाग), सगळीकडे इंग्रजांचं राज्य आणि त्यात मधल्या पायरीवर आपले लोक: दुकानदार, कारकून, रेल्वेतले कामगार. वर गोरा, खाली आफ्रिकन. आपल्या देशाचा प्रतिनिधी आला म्हणजे आता आपल्या सवलती वाढणार, असं तिथल्या अनेक भारतीयांना वाटलं असणार. पण नेहरूंचं धोरण उलटं होतं. देश आफ्रिकनांचा आहे, त्यांचं हित आधी, त्यांच्या डोक्यावर पाय देऊन काही मागू नका. हे आपल्याच माणसांच्या तोंडावर सांगायचं काम अप्पासाहेबांकडे आलं. आता यात गोडगोड बोलणं कुठे बसतं ते तूच सांग.

केनियाच्या स्वातंत्र्यलढ्याचे नेते जोमो केन्याटा आणि त्यांच्या सहकाऱ्यांशी त्यांनी उघड मैत्री केली. आफ्रिकन मुलांना शिष्यवृत्त्या देऊन भारतात शिकायला पाठवलं. ऑक्टोबर १९५२ मध्ये केनियात आणीबाणी लागून केन्याटांना अटक झाली, कापेन्गुरिया या आडगावी खटला उभा राहिला, तेव्हा बचावाला इंग्लंडहून बॅरिस्टर डी. एन. प्रिट आले आणि नेहरूंनी दिवाण चमनलाल यांना पाठवलं. त्या वकिलांत फिट्झ डिसूझा हा गोमंतकीय घराण्यातला तरुणही होता. केन्याटांना शिक्षा झाली. इकडे अप्पासाहेबांविरुद्ध इंग्रजांच्या तक्रारी दिल्लीला पोचत होत्या, आणि १९५४ मध्ये त्यांचा तिथला मुक्काम संपला. त्याच वर्षी त्यांना पद्मश्री मिळाली.

तू वकील, तेव्हा म्हणशील की ज्या सरकारच्या संमतीने तुम्ही तिथे राहता त्याच्याच विरोधकांशी सलगी हा मर्यादाभंग झाला. नियमाने बघितलं तर इंग्रजांच्या तक्रारीत तथ्य होतं, हे मी नाकारत नाही. पण ज्याने वडिलांना आपण होऊन राज्य सोडायला लावलं त्या माणसाने दुसऱ्याच्या देशात राज्यकर्त्यांच्या पंगतीला मुकाट जेवावं, ही अपेक्षाच चुकीची होती.

पुढे गंगटोकला पोलिटिकल ऑफिसर. सिक्कीम, भूतान आणि ल्हासाचे व्यवहार याच कचेरीतून चालत. १९५८ मध्ये नेहरू नथू ला खिंड ओलांडून, तिबेटच्या चुंबी खोऱ्यातून भूतानला गेले, तेव्हा अप्पासाहेब बरोबर होते. भूतानला जायला मोटाररस्ताच नव्हता. पुढच्याच वर्षी दलाई लामांना ल्हासा सोडावं लागलं आणि ती वाटही मिटली.

मग जकार्ता. १९६२ च्या आशियाई खेळांत इस्राएल आणि तैवानला इंडोनेशियाने येऊ दिलं नाही, त्यावर आपले क्रीडा संघटक सोंधी यांनी आक्षेप घेतला आणि चिडलेला जमाव आपल्या वकिलातीवर चालून आला. राजदूत होते अप्पासाहेब. दुसऱ्या दिवशी फुटबॉलचा अंतिम सामना, सगळं मैदान आपल्या पोरांची हुर्यो उडवतंय आणि त्या गोंगाटात आपण दक्षिण कोरियाला २-१ ने हरवलं! या सुवर्णपदकाची गोष्ट तू मला ढीगभर वेळा ऐकवली आहेस, वकिलातीची एकदाही नाही.

नॉर्वे, इजिप्त भरभर सांगतो, कारण मला गंमत वाटते ती १९६९ ची. त्या वर्षी भारताने उच्चायुक्त म्हणून लंडनला कुणाला पाठवावं? नैरोबीत इंग्रजांना नकोशा झालेल्या याच माणसाला! आणि इंग्रजांनी मान्य केलं. तोवर केन्याटा केनियाचे राष्ट्राध्यक्ष होऊन बसले होते, तक्रारीला जागाच उरली नव्हती. बांगलादेश युद्धाच्या वेळी लंडनमध्ये भारताची बाजू मांडायला तेच होते, आणि जानेवारी १९७२ मध्ये पाकिस्तानच्या कैदेतून सुटलेले बांगलादेशचे नेते शेख मुजीब आधी लंडनला उतरले तेव्हाही.

त्यांनी इंग्रजीत लिहिलेल्या आठवणी माझ्याकडे आहेत. दिवाळीत याल तेव्हा सईला देईन. तुझ्या हातात देणार नाही, तू नेलेली पुस्तकं परत आल्याचा इतिहास नाही.

वहिनींना नमस्कार, सईला आशीर्वाद.

तुझा,
मधू