संकलन हीही निर्मितीच

मा. संपादक,
स. न. वि. वि.

लघुपटांच्या एका स्पर्धेतून माझ्या विद्यार्थिनीचा लघुपट नुकताच बाद झाला. आजोबांच्या माळ्यावर सापडलेली ८ मिलिमीटरची रिळे आणि लग्नाची एक जुनी व्हिडिओ कॅसेट यांतून तिने तो जुळवला होता. ‘सर्व चित्रीकरण स्पर्धकाचे स्वतःचे असावे’ या अटीत तो बसला नाही. आयोजकांनी नियम पाळला, माझा आक्षेप त्या नियमालाच आहे.

एस्फिर शुब या रशियन संकलिकेने १९२७ साली ‘रोमानोव्ह घराण्याचा अस्त’ हा चित्रपट केला, तो जुने वृत्तपट आणि खुद्द झारच्या दरबारी छायाचित्रकारांनी टिपलेली दृश्ये धुंडाळून. त्यात जहाजाच्या डेकवर नाचून घामेजलेली उमराव मंडळी दिसतात आणि पाठोपाठ दिसतात घाम गाळत राबणारे कष्टकरी. नाच टिपणाऱ्याला दरबाराची निंदा करायची नव्हती. राजवटीवरचा आरोप उभा राहतो तो दोन तुकड्यांच्या सांध्यावर, आणि तो सांधा सर्वस्वी शुब यांचा आहे. अमेरिकेत ब्रूस कॉनर यांनी १९५८ साली अशाच परक्या तुकड्यांतून १२ मिनिटांचा ‘अ मूव्ही’ रचला. आपल्याकडे, पुण्याच्या चित्रपट संस्थेत शिकलेल्या पायल कपाडिया यांच्या ‘अ नाइट ऑफ नोइंग नथिंग’मध्ये स्वतःच्या चित्रणासोबत इतरांकडून मिळालेली दृश्येही आहेत, आणि त्याला २०२१ साली कान महोत्सवात सर्वोत्कृष्ट माहितीपटाचा पुरस्कार मिळाला. वरील अट लावली, तर हे तिन्ही चित्रपट प्राथमिक फेरीतच बाद होतील.

दुसऱ्याचे चित्रण न विचारता उचलले जाईल, ही आयोजकांची भीती मात्र रास्त आहे. घरगुती चित्रणात तर हक्काइतकाच संकोचाचाही प्रश्न असतो, कारण त्या लग्नात जेवायला बसलेल्यांनी पडद्यावर येण्याचे कधी कबूल केलेले नसते. माझ्या विद्यार्थिनीने म्हणूनच हयात नातेवाइकांना घरी जाऊन चित्रण दाखवले, आणि एका आत्याबाईंनी नको म्हटल्यावर त्यांचे दृश्य काढून टाकले, जरी लघुपटातले तेच सर्वांत सुंदर होते. नियम करायचाच, तर तो या काळजीचा करावा: प्रत्येक तुकडा कुठून आला याची नोंद, हक्कदाराची परवानगी आणि शक्य तिथे चित्रित व्यक्तींची संमती मागावी. कॅमेरा कोणाच्या हाती होता, ही अट पुढच्या नियमावलीतून वगळावी, अशी माझी आयोजकांना कळकळीची विनंती आहे.

आपला,
चित्रपट संकलनाचा एक शिक्षक, पुणे