प्रयोग देहाचा, पहारा विंगेतला

महोदय,

१८४३ पासून नाटक जगणाऱ्या सांगलीला देहच माध्यम करणारे प्रयोग परके वाटू नयेत. नक्कल मात्र बेतानेच करावी. १९७४ मध्ये बेलग्रेडला असे प्रयोग करणाऱ्या कलावंत मारिना अब्रामोविच चांदणीच्या आकाराच्या जळत्या चौकटीत आडव्या झाल्या. ज्वाळांनी प्राणवायू खाल्ला, त्या बेशुद्ध पडल्या आणि आग पायापर्यंत पोहोचेतो कुणाला पत्ताच नाही!

नुसते तासन्‌तास निश्चल उभे राहणेही सोपे नव्हे. पोटऱ्या हलत नाहीत, रक्त पायांत साचते, मेंदूला कमी पडते, भोवळ येते. गुडघे ताठ धरू नयेत, अधूनमधून पायाची बोटे आवळावीत, आधी पाणी प्यावे. कोसळल्यास खुर्चीत बसवू नये. आडवे करून पाय फूटभर उचलावेत. आणि प्रयोग थांबवण्याचा अधिकार असलेला एक माणूस विंगेत हवाच.

– काही रंगकर्मी, सांगली