वेशभूषा आणि कलादिग्दर्शनाचीही दखल घ्यावी

महोदय,

चित्रपटातील करिअर म्हटले की चर्चा अभिनय आणि दिग्दर्शनापलीकडे क्वचितच जाते. वेशभूषाकाराला पटकथा वाचून प्रत्येक पात्राच्या कपड्यांचा दृश्यागणिक तक्ता करावा लागतो. मारामारीच्या एका प्रसंगासाठी एकाच सदऱ्याच्या कोऱ्या, मळलेल्या, फाटलेल्या अशा अनेक प्रती लागतात, आणि नवी कॉलर पॉलिश पेपरने घासून जुनी करावी लागते. हे निव्वळ शिवणकाम नव्हे! कलादिग्दर्शनातही, म्हणजे चित्रपटाचे सेट आखून उभारण्याच्या कामातही, रेखाटन, मोजमाप आणि खर्चाचा अंदाज या तिन्हींवर हात बसावा लागतो. भानू अथैया १९८३ मध्ये वेशभूषेसाठी ऑस्कर मिळवणाऱ्या पहिल्या भारतीय ठरल्या, तरीही हे क्षेत्र विद्यार्थ्यांपर्यंत नीट पोहोचलेले नाही. आपल्या करिअर पुरवणीत त्यावर सविस्तर लेखन यावे, ही विनंती.

— एक वाचक