‘वादग्रस्त’ कोणी ठरवलं?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

रविवारच्या पुरवणीतला अमेरिकी जॅझ गायिका बिली हॉलिडेवरचा लेख आवडला. पण जिथे तिचं ‘स्ट्रेंज फ्रूट’ हे गाणं गाजलं, त्या न्यूयॉर्कच्या ‘कॅफे सोसायटी’ला लेखकाने ‘वादग्रस्त क्लब’ म्हणून एका ओळीत उरकलं, ते मनाला लागलं.

न्यूयॉर्कच्याच हार्लेम या काळ्यांच्या वस्तीतल्या नावाजलेल्या कॉटन क्लबातसुद्धा कलावंत काळे आणि गिऱ्हाईक गोरं, असाच रिवाज होता. ट्रेंटनहून आलेल्या बार्नी जोसेफसन या बूटविक्रेत्याने डिसेंबर १९३८मध्ये न्यूयॉर्कच्या ग्रीनिच व्हिलेज भागातल्या तळघरात ‘कॅफे सोसायटी’ काढला आणि हा रिवाज मोडला. कोणीही यावं, कुठल्याही टेबलाशी बसावं. टेडी विल्सन, लीना हॉर्न, हेझल स्कॉट असे काळे कलावंत तिथे ऐकायला मिळत. १९४०मध्ये दुसरी शाखाही निघाली.

बिलीचं ते गाणं कसं व्हावं, हेही जोसेफसननेच ठरवलं होतं. गाणं अगदी शेवटी. वेटरांनी हातातलं काम थांबवायचं, काही आणायचं-न्यायचं नाही. दिवे बंद, एकच झोत तिच्या चेहऱ्यावर. शेवटचा सूर संपला की पूर्ण अंधार, आणि दिवे लागतात तोवर ती आत गेलेली. टाळ्या कितीही पडोत, परत यायचं नाही. झुंडीने मारून झाडाला टांगलेल्या काळ्या माणसांचं ते गाणं. ते चालू असताना या मालकाने आपला गल्ला थांबवला. कोलंबिया कंपनीने ते ध्वनिमुद्रित करायला नकार दिला, तेव्हा १९३९मध्ये कमोडोर या छोट्या कंपनीने तबकडी काढली.

हा क्लब बुडाला तो गिऱ्हाईक कंटाळलं म्हणून नव्हे. बार्नीचा भाऊ लिऑन कम्युनिस्ट होता. १९४७मध्ये कम्युनिस्टांचा माग काढणाऱ्या अमेरिकी संसदेच्या चौकशी समितीपुढे साक्ष द्यायला त्याने नकार दिला, त्याला वर्षाची शिक्षा झाली. वृत्तपत्रांतल्या स्तंभलेखकांनी भावावरचा राग क्लबावर काढला. तिथे आपण दिसलो तर काय, या भीतीने लोक येईनासे झाले. दशक सरायच्या आत दोन्ही ठिकाणी कुलूप लागलं.

यात क्लबाने कुठला वाद घातला? एका टेबलाशी सगळ्यांना बसवलं, एवढाच ना? मग तो शब्द आपण मराठीत का वापरावा?

लेखकांना विनंती, की पुढचा लेख हेझल स्कॉटवर लिहावा. १९५०मध्ये तिने त्याच समितीपुढे साक्ष दिली आणि त्यानंतर थोड्याच दिवसांत तिचा दूरचित्रवाणी कार्यक्रम बंद झाला. तिच्याबद्दल मराठीत माझ्या वाचनात काहीच आलेलं नाही.

आपला,
एक नियमित वाचक, पुणे