सांगोल्याचा इतिहास ११ या आकड्यात संपत नाही

माननीय संपादक,
सप्रेम नमस्कार.

आपल्या पेपरात निवडणूक आली की प्रत्येक मतदारसंघाची ओळख येते, दोन कॉलम, एक फोटो, मागच्या वेळचा निकाल आणि झालं. सांगोला विधानसभा मतदारसंघाबद्दल तर ठरलेलंच असतं, भाई गणपतराव देशमुख ११ वेळा आमदार, आणि २०२२ पासून त्याच्या जोडीला तेव्हाचे आमदार शहाजीबापू पाटलांचं गुवाहाटीचं 'काय झाडी, काय डोंगार' आलंय. आमच्या तालुक्याची साठ वर्षं एका आकड्यात आणि एका व्हायरल फोन कॉलमध्ये बसवली जातात याचं मनापासून वाईट वाटतं म्हणून लिहितोय.

आबासाहेबांबद्दल, म्हणजे गणपतरावांबद्दल, आदर आहेच, तो कमी करायचा प्रश्नच नाही. एसटीने फिरणारा आमदार आम्ही पाहिलाय, कापूस फारसा न पिकणाऱ्या तालुक्यात सूतगिरणी उभी राहिली आणि बायकांसाठी वेगळी सूतगिरणी निघाली तीही पाहिलीय. एकच पक्ष शेकाप म्हणजे शेतकरी कामगार पक्ष, एकच मतदारसंघ, १९६२ पासून २०१९ पर्यंत, हे सोपं नाहीच. पण स्पर्धा परीक्षेची तयारी करणाऱ्या पोरांना विचारा, सर्वाधिक वेळा आमदार कोण, उत्तर लगेच येतं. मग विचारा की मधल्या दोन वेळा कोण होतं, सगळे गप्प.

तर ते दोन वेळा सांगतो. १९६२ आणि १९६७ ला गणपतराव निवडून आले, १९७२ ला काँग्रेसच्या काकासाहेब साळुंखे पाटलांनी त्यांना पाडलं. काकासाहेबांचं आमदार असतानाच निधन झालं आणि १९७४ ला पोटनिवडणूक लागली, त्यात गणपतराव परत आले, मग ७८, ८०, ८५, ९० असे सलग. १९९५ ला शहाजीबापू पाटील, तेव्हा काँग्रेसमध्ये, फक्त १९२ मतांनी जिंकले. म्हणजे एखाद्या वस्तीवरच्या लोकांनी वेगळं मत दिलं असतं तर ११ चे १२ झाले असते. त्यानंतर १९९९ ते २०१४ पुन्हा चार वेळा गणपतराव आणि बापूंना परत आमदार व्हायला थेट २०१९ उजाडावं लागलं, २४ वर्षं. तेही शिवसेनेकडून, ७६८ मतांनी, वयामुळे आबासाहेब थांबले होते आणि समोर त्यांचे नातू डॉ. अनिकेत देशमुख होते. २०२४ ला दुसरे नातू डॉ. बाबासाहेब देशमुख २५ हजारांच्या वर मतांनी निवडून आले, सीट पुन्हा शेकापकडे.

आता मला जे सांगायचंय ते नीट वाचा. बहात्तरचा दुष्काळ आमच्याकडे अजून घरोघरी बोलला जातो, खडी फोडायला गेलेल्या बायका, दुष्काळात वाटलेली सुकडी खाऊन काढलेले दिवस, जनावरं दावणीला मेली ते. पण त्या दुष्काळात विधानसभेत सांगोल्याच्या बाकावर गणपतराव नव्हते, काकासाहेब होते. त्यांनी सभागृहात काय मागितलं, तालुक्यात कामं किती निघाली, रोजगार हमीचा पुढे कायदा झाला त्याच्या आधीच्या त्या दोन वर्षांत आमच्या आमदाराचा आवाज कुठे होता, हे कुणी लिहित नाही. कारण ते ११ मध्ये बसत नाहीत! पोटनिवडणूक नेमकी त्या दुष्काळानंतर झाली, लोकांनी काय विचार करून मत दिलं हे ज्यांनी ते मत दिलं त्यांनाच विचारायला पाहिजे आणि त्यातले सगळ्यात तरुणसुद्धा आता सत्तरीच्या पुढे आहेत.

दुसरी गोष्टही तशीच. कृष्णेचं आपल्या वाट्याचं पाणी २००० च्या आत अडवायचं म्हणून सरकारने १९९६ ला कृष्णा खोरे विकास महामंडळ काढलं, कृष्णेचं पाणी उचलून दुष्काळी भागाला देणारी टेंभू योजना जोरात आली ती त्याच सुमाराला. तेव्हाही सांगोल्याचे आमदार गणपतराव नव्हते, बापू होते आणि तेही शिवसेना-भाजप युतीच्या राज्यात विरोधी बाकावर. पण आटपाडीच्या पाणी परिषदांमध्ये नागनाथअण्णा नायकवडींच्या सोबत गणपतराव होतेच. म्हणजे पाण्याची लढाई सभागृहात जेवढी झाली तेवढीच बाहेर झाली, हरलेला माणूसही लढत होता, आणि जिंकलेल्याने त्या मुदतीत काय प्रश्न विचारले तेही मोजलं पाहिजे. मला तर वाटतं आबासाहेबांचं मोठेपण ११ विजयांपेक्षा या दोन पराभवांनंतर ते जसे वागले त्यात जास्त दिसतं. आज हरला की माणूस पक्ष बदलतो, त्यांनी ना पक्ष सोडला ना तालुका.

आणखी एक, मतदारसंघ म्हणजे तालुका असं सगळे धरून चालतात पण तसं नाही, पंढरपूर तालुक्यातली काही गावंही सांगोल्यात मतदान करतात. २००८ च्या पुनर्रचनेत लोकसभेला आम्ही पंढरपुरातून माढ्यात गेलो, शेजारचा मंगळवेढा मतदारसंघ तर पुसलाच गेला. हद्दी बदलल्या की जुने आकडे नव्या आकड्यांशेजारी सरळ ठेवता येत नाहीत, पण पेपरात ते सर्रास ठेवले जातात, खाली एक ओळ तरी टाकत जा.

डाळिंबाचंही तसंच. बातमीत सांगोला आला की डाळिंब येतं, किसान रेल येते, पण तेल्या, मर या रोगांनी आणि खोडकिड्याने बागा मोडल्या तेव्हा कुठल्या आमदाराने कुठल्या अधिवेशनात काय विचारलं हे शोधायला गेलं तर व्हॉट्सॲपवर सत्काराचे फोटो सोडून काही हाती लागत नाही. विधिमंडळाची कार्यवाही तर शब्दन् शब्द नोंदवली जाते, ती वाचून दर आठवड्याला एका मतदारसंघावर अर्धं पान करणं आपल्याला अवघड नाही असं वाटतं. नुसती जिंकणाऱ्यांची यादी नको. हरलेले, थोडक्यात हरलेले, पोटनिवडणुका, आणि प्रत्येकाने पाणी, रस्ता, चारा यावर सभागृहात काय मांडलं ते द्या.

सुरुवात सांगोल्याच्या १९७४ च्या पोटनिवडणुकीपासून करा अशी विनंती आहे. आपल्या कार्यालयात त्या वर्षीचे जुने अंक असतील तर प्रचाराच्या आणि निकालाच्या बातम्या काढून जशाच्या तशा छापा, आणि ज्यांनी तेव्हा मतदान केलं त्यांना आठवणी पाठवायला सांगा. आमच्या गावातली दोघंतिघं सांगायला तयार आहेत, लिहून घ्यायचं काम मी करतो.

आपला,
एक नियमित वाचक, सांगोला तालुका